नाहीबाईचा अशोक

माझ्या सासूबाई जन्मल्यावर रडल्या असतील, तेसुद्धा हरकत घेतल्यासारखंच रडल्या असतील. ज्या प्रसूतिगृहाच्या बागेत त्यांनी एकतीस वर्षं काम केलं, तिथे तोंडावर सगळे त्यांना मावशी म्हणत आणि पाठ वळली की नाहीबाई. हे नाव त्यांच्या कानावर गेलेलं होतं. एका नर्सने धीर करून विचारलं, "मावशी, लोक तुम्हाला नाहीबाई म्हणतात, राग नाही का येत?" तर खुरपं न थांबवता म्हणाल्या, "नाही."

मी त्याच प्रसूतिगृहाच्या कार्यालयात कारकून. त्या खाली मातीत, मी वर पंख्याखाली. मला सून करून घ्यायचं त्यांनीच ठरवलं, तेही खालूनच. पहिल्या मजल्यावरच्या खिडकीत बसलेली मुलगी काम करताना मान वर करत नाही, एवढं त्यांनी सहा महिने पाहिलं आणि एक दिवस मातीच्या हातांनी जिना चढून सरळ माझ्या टेबलाशी आल्या. "माझा मुलगा छापखान्यात आहे. शांत आहे. माझ्यावर गेलेला नाही. बघतेस का?" मी बघितला. खरंच शांत होता. फक्त तो शांत का होता, ते लग्नानंतर कळलं. त्या घरात बोलायला कुणाला जागाच नव्हती.

बागेत त्या आल्या त्या शिक्षा म्हणून. आधी त्या वॉर्डात झाडलोट करायच्या. मेट्रनने एकदा सांगितलं, आवारातला पाचोळा गोळा करून जाळून टाका. या म्हणाल्या, "नाही. झाडाचं खाणं आहे ते, जाळायचं कशाला?" मेट्रन संतापली, तक्रार वर गेली, आणि वरून हुकूम आला की या बाईला वॉर्डातून काढून बागेत टाका. दगडापेक्षा वीट मऊ म्हणतात, तसं नव्हतं ते. उन्हातान्हात उभं राहायचं काम होतं. पण सासूबाई सांगायच्या, "मला शिक्षा करायला निघाले आणि वाट दाखवून बसले."

तिथला जुना माळी तेव्हा निवृत्तीला आला होता. कमरेत वाकलेला, एका कानाने बहिरा. त्याने एक दिवस ओल्या फडक्यात बांधून चार बिया आणल्या. चपट्या, तपकिरी, अंगठ्याएवढ्या. "आजच्या आज लाव," म्हणाला, "या बिया वाट बघत नाहीत. उशीर केलास की मेल्या." चारातली एकच उगवली. माळ्याने रोप दाखवून सांगितलं, "हा अशोक. भिंतीलगत ते बांबूसारखे उभे आहेत ना, त्यांना लोक अशोक म्हणतात. ते आसुपालव. लोक म्हणतात तर म्हणू देत. तू म्हणू नकोस."

माझ्या माहितीप्रमाणे आयुष्यात कुणी सांगितलेली हीच एक गोष्ट त्यांनी नाही न म्हणता ऐकली.

फरक आंधळ्यालाही कळावा असा आहे. आसुपालव सरळसोट वर जातो, लांब पानं खाली लोंबतात, आणि सावली पडलीच तर त्याच्या स्वतःच्या पायावर. अशोक बुटका, पसरट, गच्च. त्याची फुलं फांदीच्या टोकाची वाटसुद्धा बघत नाहीत, जुन्या लाकडातूनच फुटून बाहेर येतात, घोसच्या घोस. आज शेंदरी, चार दिवसांनी लालभडक. तरी दुनिया उंचाला अशोक म्हणते. उंच माणसाला साहेब समजायची आपली सवयच आहे, झाडं कशी सुटतील?

ते रोप सासूबाईंनी पाच उन्हाळे जगवलं. स्वयंपाकघरातलं तांदूळ धुतलेलं पाणी बादलीने वाहून. लहानपणी त्याला ऊन सोसत नाही, म्हणून चार काठ्यांवर फाटकी चादर बांधून. मोठं झाल्यावर बाहेरच्या नातेवाइकांना बसायला आवारात तेवढीच एक जागा राहिली. आत कुणाची मुलगी, कुणाची बायको अडलेली असायची, आणि बाहेर सगळं गोत त्या झाडाखाली. सासूबाई त्यांनाही सोडत नसत. "नाही, खोडाला टेकू नका. नाही, फुलं तोडू नका. नाही, रडू नका, अजून काही झालेलं नाही."

झाडाला नवी पालवी फुटली की दरवर्षी एक नवा डॉक्टर खाली येऊन त्यांना शहाणपण शिकवायचा. या झाडाची कोवळी पानं तांबूस असतात आणि चिंध्यांसारखी मलूल लोंबतात. डॉक्टर म्हणायचा, "मावशी, झाड वाळतंय. मान टाकलीय त्यानं."

"नाही. कोवळं आहे ते. कोवळ्याला मान धरायला वेळ लागतो. तुमच्या वॉर्डात जाऊन बघा की."

डॉक्टर हसत परत जायचा. दोन आठवड्यांनी पानं हिरवी, ताठ. पुढच्या वर्षी दुसरा डॉक्टर.

खोडाची साल औषधाला लागते म्हणून चोरायला येणारेही असत. त्यांना त्या पाण्याच्या नळीने भिजवून परत पाठवत. वर म्हणत, "बघ, चोरांना बरोबर ठाऊक असतं खरा अशोक कुठला. भिंतीकडे एकजण फिरकत नाही. ठाऊक नाही ते फक्त तुमच्या ऑफिसाला."

हे "तुमच्या ऑफिसाला" माझ्याकडे बघून असायचं. घरीही तेच. जेवताना मी सहज म्हटलं की आज त्या अशोकांच्या बाजूला गाडी लावली होती, की घास हातात ठेवून, "नाही. आसुपालव." आमच्या घरात अशोक नावाचं कुणी नाही, तरी त्याच्यावरून रोज भांडण. अकरा वर्षं मी हे ऐकलं. त्यामुळे पुढे जे झालं त्यात मला माहीत नव्हतं म्हणायची सोय नाही.

एकदा झाडांची मोजणी करायला वृक्षविभागाचा माणूस आला. आवारातल्या प्रत्येक खोडावर त्याने पांढऱ्या रंगाने आकडा घातला आणि वहीत नाव. भिंतीलगतच्या सातही झाडांपुढे त्याने "अशोक" लिहिलं. सासूबाईंना अक्षर वाचता येत नव्हतं, पण त्याला वाचून दाखवायला लावलं आणि मग दुपारभर त्याच्या मागे फिरल्या. शेवटी तो माणूस कंटाळला. सातही ठिकाणी खोडून आसुपालव लिहिलं आणि अशोक एकाच झाडापुढे ठेवला, नंबर चौदा. सासूबाईंनी त्या दिवशी घरी येऊन स्वतः चहा केला. "वहीत आलं," म्हणाल्या. पहिल्यांदाच कागद त्यांच्या बाजूने बोलला होता.

आता माझं पाप सांगते. मला लाज वाटायची. त्यांची नव्हे, म्हणजे त्यांचीच, कशाला खोटं बोलू? ऑफिसात नव्या बाया आल्या होत्या, नीटनेटक्या, आणि खालून माळीण ओरडायची, "ए सूनबाई!" सगळ्यांची डोकी खिडकीकडे वळायची, मग माझ्याकडे. एका सकाळी घरातून निघताना मी शेवटी बोलले. "आई, एक सांगू? ऑफिसात मला सूनबाई म्हणून हाक मारू नका."

"नाही," त्या म्हणाल्या.

"नाही म्हणजे? मारणार नाही?"

"नाही म्हणजे मारणार. सून आहेस तर सूनच म्हणणार. जे आहे त्याला तेच म्हणायचं."

मी रागाने निघाले आणि डबा विसरले. अकरा वाजता खिडकीखाली गर्जना झाली. "सूनबाई! डबा विसरलीस! भांडलीस म्हणून उपाशी राहतेस काय!" अख्खं ऑफिस हसलं. शिपाई जाऊन डबा घेऊन आला आणि मी तो न उघडता खणात ढकलला.

नेमकं तेव्हाच साहेबांनी बोलावलं. आदल्या आठवड्याच्या वादळात भिंतीलगतची तीन झाडं विजेच्या तारेवर कलली होती आणि अर्धा दिवस वीज गेली होती. साहेब म्हणाले, "ती भिंतीकडची उंच झाडं काढून टाकायचा आदेश करा. काय म्हणतात त्यांना? घाला तुम्ही नाव."

मी जागेवर आले. बोटं टाइप करायला ठेवली. त्या झाडांचं नाव मला झोपेतही सांगता आलं असतं. ते माझ्या जिभेवर होतं, सासूबाईंच्या आवाजात होतं, आणि म्हणूनच मी ते लिहिलं नाही. म्हटलं, घरात तुमचं चालतं, या खुर्चीवर माझं चालेल. जगाला अशोक तो मलाही अशोक. मी लिहिलं: "विषय: आवारातील अशोक वृक्ष मुळासकट काढणेबाबत." भिंतीचा उल्लेख करायचाही राहिला. झाडाला धक्का लावायचं माझ्या मनात नव्हतं, हे शपथेवर सांगते. मला फक्त सासूच्या शब्दाला धक्का लावायचा होता. साहेबांनी न वाचता सही केली.

चार दिवसांनी साडेअकराच्या सुमारास झाडं तोडणारा मुकादम आला. सोबत करवत चालवणारे दोघे. मुकादम बिचारा नियमाने चालणारा. त्याने वृक्षविभागाची वही उघडली, आदेशाशी ताडून पाहिली आणि चौदा नंबरशी येऊन उभा राहिला. नातेवाइकांना उठवलं. सासूबाई मागच्या बाजूला खत पसरत होत्या. करवतीचा आवाज ऐकून त्या धावत आल्या तोवर खालची एक फांदी जमिनीवर पडली होती, फुलांच्या घोसांसकट.

मी खिडकीतून पाहिलं. जिना कसा उतरले आठवत नाही.

खाली गर्दी जमली होती. सासूबाई खोडाला पाठ लावून उभ्या होत्या, ज्या खोडाला त्या कुणाला टेकू देत नसत.

"मावशी, माझ्याकडे कागद आहे," मुकादम म्हणत होता. "कागदावर अशोक. वहीत अशोक म्हणजे चौदा नंबर. हा अशोक नाही का?"

"आहे."

"मग बाजूला व्हा."

"नाही."

"अहो, कागद याचाच आहे ना?"

"कागद चुकलाय. झाड चुकलेलं नाही."

वॉचमन पुढे झाला. "मावशी, सोपं आहे. म्हणा की हा अशोक नव्हे, भिंतीकडचे ते अशोक. सगळे तसंच म्हणतात. वहीत नंबर चुकला म्हणायचं, झालं!"

मुकादमालाही ते पटलं. तो माणूस वाईट नव्हता. "एवढं बोला," म्हणाला, "मी करवत उचलून भिंतीकडे जातो. मला काय हौस आहे फुलावर आलेलं झाड पाडायची?"

सगळे त्यांच्याकडे बघायला लागले. मी गर्दीतून पुढे घुसले, त्यांचा हात धरला आणि हळूच म्हटलं, "आई, म्हणून टाका. एक शब्द तर आहे. झाड वाचेल."

"नाही," त्या म्हणाल्या, हळू नाही, सगळ्यांना ऐकू जाईल असं. "एकतीस वर्षं मी याला याच्या नावाने हाक मारली. आज करवत बघून म्हणू, हा तो नव्हेच? अशोक हाच. हा पडला तरी अशोकच पडेल. आणि पडायचा असेल तर आधी मी इथे आहे." मग मुकादमाकडे वळून, "ज्यानं चुकीचं लिहिलं त्यानं दुरुस्त करावं. झाडानं का म्हणून नाव बदलायचं? कुणी लिहिलंय ते बोलव."

मुकादमाने कागदाच्या कोपऱ्यातली टंकलेखकाची सही बघितली, पण त्याला माझं नाव ठाऊक नव्हतं. मी गप्प राहिले असते तर गप्प राहता आलं असतं.

"मी लिहिलं," मी म्हटलं.

सासूबाईंनी माझ्याकडे पाहिलं. रागाने नाही. राग परवडला असता. "तुला ठाऊक नव्हतं?"

मी मुकादमाला म्हटलं, "जेवणाच्या सुट्टीपर्यंत थांबा," आणि जिन्याकडे पळाले. मागून मुकादमाने घड्याळ बघून सांगितलं, "एकच्या ठोक्याला मी करवत सुरू करणार, बाई."

बारा वाजून गेले होते. साहेब बैठकीत होते. मी दार न वाजवता आत गेले, हेही पहिल्यांदाच. साहेबांनी सगळं ऐकलं, कपाळ चोळलं आणि म्हणाले, "हात्तिच्या, एवढंच ना? दुरुस्तीचा आदेश काढू. पण आधीचा आदेश का चुकला याचं लेखी स्पष्टीकरण फाइलला लागेल. लिहा, नजरचुकीने. दोन ओळी. मी सही करतो."

मी कागद घेतला. "नजरचुकीने" हा आमच्या ऑफिसातला फार गुणी शब्द. त्याच्या पदराखाली काय काय झाकलेलं मी स्वतः पाहिलं होतं. लिहून टाकायचा, कुणाला काही विचारत नाही. घड्याळात साडेबारा वाजले होते. पण मला खिडकीतून ती खोडाला टेकलेली पाठ दिसत होती. ती एक शब्द खोटं बोलली असती तर झाड वाचलं असतं. ती बोलली नव्हती.

"नाही, साहेब," मी म्हटलं.

तो शब्द माझ्या तोंडून बाहेर पडला आणि मीच दचकले. आमच्या घरातलाच होता, पण आजवर माझा नव्हता.

"नाही म्हणजे?"

"नजरचूक नव्हती. मला नाव माहीत होतं."

"बाई, मला माहीत करून घ्यायचं नाही!" साहेब कळवळले. "असं लिहिलंत तर तुमच्या सेवापुस्तकात शेरा पडेल. यंदा बढतीची यादी आहे, तुमचं नाव वर आहे. अहो, मी अर्धी नोकरी नजरचुकीनेच केली आहे. लिहा की!"

"शेरा पडू द्या."

मी लिहिलं: "भिंतीलगतच्या झाडांचे नाव आसुपालव आहे हे मला माहीत होते. तरीही मी अशोक असे लिहिले. ही नजरचूक नाही." खाली सही केली. मग दुरुस्तीचा आदेश स्वतः टाइप केला, आणि त्यात सातही झाडं न घालता "भिंतीलगतचे, तारेवर झुकलेले तीन आसुपालव" असं घातलं, कारण झुकलेले तीनच होते आणि खिडकीतून मला रोज दिसत होते. साहेबांनी या वेळी मात्र शब्दन् शब्द वाचून सही केली. एकला पाच मिनिटं कमी होती.

खाली सासूबाई तशाच उभ्या. मुकादमाने आदेश वाचला, मान हलवली आणि करवत उचलून भिंतीकडे निघाला. वॉचमनने टाळी वाजवली, मग कुणी साथ दिली नाही म्हणून थांबला. सासूबाई म्हणाल्या, "मला वाचून दाखव." मी आदेश वाचला. तीन आसुपालव ऐकून त्यांनी डोळे मिटले आणि उघडले.

"आणि तुझा कागद?"

मी तोही वाचला. माहीत होते, तरीही, नजरचूक नाही. "शेरा पडणार आहे," मी सांगितलं. "बढती जाईल."

मला वाटलं त्या जवळ घेतील. निदान पाठीवर हात ठेवतील. त्या खाली पडलेल्या फांदीजवळ बसल्या, एकेक घोस काढून ओच्यात घ्यायला लागल्या आणि म्हणाल्या, "शेरा बरोबर आहे. पडायलाच पाहिजे."

मी ऑफिसात परत गेले आणि आयुष्यात रडले नव्हते इतकी रडले. रागाने का सुटल्यासारखं वाटून, ते अजून ठरलेलं नाही.

दुसऱ्या दिवशी मी डबा मुद्दाम घरी ठेवून आले. अकरा वाजले. साडेअकरा वाजले. खिडकीखाली काही आवाज नाही. मग शिपाई डबा घेऊन आला, मुकाट्याने टेबलावर ठेवला आणि म्हणाला, "मावशींनी दिलाय. म्हणाल्या, हाक मारायची नाही, तिला आवडत नाही."

माळ्यानंतर त्या बाईने कुणाचं ऐकलं नव्हतं, आणि ऐकलं ते हे.

मी उठले. खिडकी सताड उघडली. नव्या बाया बघत होत्या, बघू देत. खाली चौदा नंबरच्या झाडाला, जिथे फांदी तुटली होती तिथे, सासूबाई शेणमाती लिंपत होत्या. मी छाती भरून ओरडले, "ए आई! सूनबाई म्हणून हाक मारा, नाहीतर मी डबा खाणार नाही!"

आवारातले सगळे नातेवाईक वर बघायला लागले. सासूबाईंनी शेणाचा हात कपाळाशी धरून उन्हात माझ्याकडे पाहिलं.

"नाही!" त्या खालून गरजल्या. "वर बसून कसला डबा खातेस, सूनबाई! खाली ये. सावली आहे इथे."